वाढीव मोबदल्याचे दावे: शेतकऱ्यांकडून वारंवार येणारे प्रश्न

भूसंपादनाची प्रकरणे चालवताना फोनवर, व्हॉट्सअ‍ॅपवर आणि कोर्टाच्या व्हरांड्यात तेच ते प्रश्न पुन्हा पुन्हा येतात. ते इथे एकत्र केले आहेत. उत्तरे महाराष्ट्रातल्या जमिनींपुरती आहेत. निवाडा, म्हणजे मोबदला ठरवणारा अधिकाऱ्याचा आदेश, हातात घेऊनच वाचा, कारण बहुतेक उत्तरे त्यातल्या तारखांवर अवलंबून आहेत.

१. निवाडा झाला, पण दर फारच कमी धरलाय. थेट कोर्टात दावा लावता येईल का?

नाही. अर्ज जिल्हाधिकाऱ्यांकडे, म्हणजे प्रत्यक्षात निवाडा करणाऱ्या भूसंपादन अधिकाऱ्याकडे द्यायचा. "मला हा मोबदला मान्य नाही, प्रकरण पुढे पाठवा" एवढाच त्याचा गाभा. १८९४ च्या जुन्या भूसंपादन कायद्यात हा कलम १८ चा अर्ज. तो दिवाणी न्यायालयात जातो आणि तिथे त्याला भूसंपादन संदर्भ किंवा नुसते 'एलएआर' म्हणतात. २०१३ च्या कायद्यात तोच अर्ज कलम ६४ खाली होतो आणि अशा वादांसाठीच नेमलेल्या प्राधिकरणाकडे जातो. नव्या कायद्यात अधिकाऱ्याने ३० दिवसांत प्रकरण पाठवायचे असते. तो बसून राहिला, तर प्राधिकरणाकडे अर्ज करून तसा आदेश मागता येतो.

अर्जाची एक प्रत आवक शिक्का मारून घेतल्याशिवाय कार्यालयाबाहेर पडू नका. पुढे दहा वर्षांनी "अर्ज मुदतीत होता का" हा वाद निघतो, तेव्हा त्या निळ्या शिक्क्यावरची तारीखच कामाला येते.

२. पैसे उचलले तर वाढीव मागण्याचा हक्क जातो का?

मुकाट्याने उचलले तर जातो. हरकत राखून उचलले तर जात नाही. दोन्ही कायद्यांत ही तरतूद आहे. पावतीवर सही करताना सहीच्या वरच लिहा: "रक्कम हरकत राखून, तक्रारीसह स्वीकारली." गावात याला सगळे 'अंडर प्रोटेस्ट' म्हणतात, तेही चालते. कारकून म्हणतो, "छापील फॉर्म आहे, त्यावर काही लिहायचं नाही." लिहायचे. ऐकलेच नाही, तर त्याच दिवशी वेगळा अर्ज देऊन पोच घ्या.

पैसे तसेच पडू देऊन निषेध करण्यात मात्र काही अर्थ नाही. रक्कम न्यायालयात किंवा प्राधिकरणाकडे जमा झाली की त्या रकमेवरचे सरकारकडून मिळणारे व्याज थांबते.

३. अर्जाची मुदत किती? आम्हाला निवाड्याचा पत्ताच नव्हता.

निवाड्याच्या वेळी तुम्ही किंवा तुमचा प्रतिनिधी हजर असाल, तर निवाड्यापासून सहा आठवडे. हजर नसाल, तर नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यातले जे आधी संपेल ते.

पत्ताच नसेल तर? सर्वोच्च न्यायालयाने १९६१ मध्येच सांगितले आहे की निवाड्याची तारीख म्हणजे तो माणसाला प्रत्यक्ष कळला किंवा कळू शकला असता तो दिवस. त्यामुळे नोटीस कोणाच्या सहीने बजावली गेली, हे आधी फाइलमध्ये बघा. पुण्याला राहणाऱ्या मुलाची नोटीस गावातल्या चुलत्याने घेतलेली अनेकदा सापडते.

नव्या कायद्यात पुरेसे कारण दाखवले, तर जिल्हाधिकारी मुदतीनंतर आणखी एक वर्षापर्यंत अर्ज घेऊ शकतात. जुन्या कायद्यात ही सवलत नाही. मुदत गेलीच असेल, तर प्रश्न ९ पाहा. एक दार तिथे उघडे असू शकते.

४. माझ्या जमिनीला जुना कायदा लागतो की नवा?

नवा कायदा १ जानेवारी २०१४ पासून आला. त्या दिवसापर्यंत जुन्या कायद्याखालचा निवाडा झालेला असेल, तर जुना कायदा. संपादन जुन्या कायद्याने सुरू झाले, पण निवाडा त्यानंतरचा असेल, तर मोबदल्याची आकारणी नव्या कायद्याने. राष्ट्रीय महामार्गाचे वेगळे आहे (प्रश्न ११). एमआयडीसीसाठी घेतलेल्या जमिनीलाही स्वतंत्र कायदा, स्वतंत्र कलमे आणि स्वतंत्र मुदत आहे. अधिसूचनेच्या पहिल्याच ओळीत कायद्याचे नाव असते. ती ओळ वाचल्याशिवाय अर्जाचा मसुदा करू नये.

५. 'चौपट मोबदला' म्हणतात तो हिशोब नेमका कसा?

नव्या कायद्यात आधी जमिनीचे बाजारमूल्य ठरते. ग्रामीण भागात त्याला शासनाने ठरवलेल्या गुणांकाने गुणतात. हा गुणांक एक ते दोनच्या दरम्यान असतो. त्यात झाडे, विहीर, घर यांची किंमत मिळवतात. जी बेरीज येईल, तेवढीच शंभर टक्के दिलासा रक्कम वर देतात.

समजा जमिनीचे बाजारमूल्य १२ लाख ठरले आणि गुणांक २ आहे. झाले २४ लाख. विहीर आणि झाडे ३ लाख. एकूण २७. दिलासा रक्कम २७. मिळून ५४ लाख. शिवाय बाजारमूल्यावर वर्षाला १२ टक्के दराने वाढीव रक्कम येते, ती वेगळी.

म्हणजे 'चौपट' हे फक्त गुणांक २ असेल तेव्हाच खरे. महाराष्ट्रात हा गुणांक वेळोवेळी बदलला आहे आणि सगळ्या प्रकल्पांना व सगळ्या भागांना सारखा नाही. निवाड्यात कोणता धरलाय आणि कोणत्या अधिसूचनेच्या आधारे, हे पहिल्यांदा तपासा. जुन्या कायद्यात गुणांक नाही, दिलासा रक्कमही ३० टक्केच.

६. अधिकारी म्हणतात रेडीरेकनरचा दर आहे, त्याहून जास्त कसे मिळणार? कोर्टात पुरावा काय लागतो?

रेडीरेकनर हा तळ आहे, छत नाही. नव्या कायद्याप्रमाणे तो दर आणि जवळपासच्या तशाच जमिनींच्या खरेदीखतांची सरासरी, यातली जी जास्त ती धरायची. सरासरीही सगळ्या खरेदीखतांची नव्हे. मागच्या तीन वर्षांतल्या व्यवहारांपैकी जास्त दराचे निम्मे घ्यायचे आणि त्यांची सरासरी काढायची. इथेच सर्वाधिक चुका होतात. कमी दराची खरेदीखतेही सरासरीत घुसवलेली असतात, किंवा जास्त दराची "गावठाणालगत आहे" एवढ्या शेऱ्यावर वगळलेली असतात.

कोर्टात निवाडा हा सरकारने देऊ केलेला दर मानला जातो. तो अपुरा आहे हे सिद्ध करायची जबाबदारी तुमची. १९८८ च्या चिमणलाल हरगोविंददास प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हे नीट घालून दिले आणि ते प्रकरण पुण्याच्याच भूसंपादनातले होते. आजही वकील आणि न्यायाधीश त्याचाच आधार घेतात.

मग पुरावा काय? अधिसूचनेच्या आधीची खरेदीखते, तीही तुमच्याच गावातली किंवा शिवेला शिव लागलेल्या गावातली. दुय्यम निबंधकाकडून सूची दोन (नोंदणी झालेल्या व्यवहारांचा गोषवारा) काढा आणि साक्षांकित नकला घ्या. नंतर गावनकाशा घ्या आणि त्यावर तुमचा गट, विक्री झालेला गट, रस्ता, कालवा, गावठाण रंगाने दाखवा. हा नकाशा मी प्रत्येक प्रकरणात आग्रहाने लावतो. साक्षीदार तासभर अंतर सांगत बसतो, ते नकाशावर न्यायाधीशांना दोन मिनिटांत दिसते.

खरेदीखत अधिसूचनेच्या दोन-तीन वर्षे आधीचे असेल, तर दरवर्षी काही टक्के वाढ धरून मागता येते. उलट, चार गुंठ्यांच्या प्लॉटचा दर चार हेक्टरला जसाच्या तसा मिळत नाही. रस्ते, मोकळी जागा, विकासाचा खर्च म्हणून कपात होते. एक तृतीयांश कपात अनेक निकालांत दिसते. अधिसूचनेनंतर झालेली खरेदीखते शंकेनेच पाहिली जातात. प्रकल्पाची कुणकुण लागल्यावर पाहुण्यापाहुण्यांत फुगवून केलेला व्यवहार तर उलटतपासणीत पहिल्याच प्रश्नाला उघडा पडतो.

एक फरक ध्यानात ठेवा. जुन्या कायद्यात त्याच परिसरातल्या आधीच्या संपादनात कोर्टाने दिलेला दर हा भक्कम पुरावा. नव्या कायद्यात बाजारमूल्य ठरवताना जिल्ह्यात याच कायद्याखाली आधी दिलेला मोबदला विचारात घ्यायचा नाही, असे कलम २६ च्या स्पष्टीकरणातच लिहिले आहे. शेजारच्या गावाचा निवाडा घेऊन येणारे बरेच जण इथे निराश होतात.

७. विहीर, आंबे, पाइपलाइन यांचे वेगळे पैसे मिळतात का?

मिळतात, पण एकाच गोष्टीचे दोनदा नाही. बाग उत्पन्नावरून मोजली, तर त्यात जमीन आणि झाडे दोन्ही येतात. मग पुन्हा झाडांचे वेगळे मागता येत नाहीत. विहिरीच्या पाण्यामुळे जमीन बागायती दराने धरली, तरी हाच आक्षेप घेतला जातो.

खरी अडचण असते ती संयुक्त मोजणीत. मोजणीच्या दिवशी स्वतः हजर राहा. पंचनाम्यात झाडांची संख्या, वय, विहिरीची खोली आणि बांधकाम लिहून घ्या. 'कूपनलिका १' एवढेच लिहिले असेल, तर पुढे किंमत काढणारा तरी काय काढणार? सातबाऱ्यावरच्या पीकपाहणीत बाग दिसत नसेल, तर ती तिथे होती हे नंतर पटवणे अवघड जाते. पीकपाहणी दरवर्षी तपासण्याची सवय आपल्याकडे नाही, ही खेदाची गोष्ट आहे.

८. व्याज कधीपासून आणि किती?

वाढीव रकमेवर ताब्याच्या तारखेपासून पहिल्या वर्षाला ९ टक्के, नंतर १५ टक्के. दोन्ही कायद्यांत दर हेच. सर्वोच्च न्यायालयाच्या २००१ च्या सुंदर प्रकरणातील निकालापासून दिलासा रकमेवरही व्याज मिळते.

जुन्या कायद्यातले उदाहरण घेऊ. कोर्टाने जमिनीच्या किमतीत ३ लाख वाढवले. दिलासा रक्कम ३० टक्के म्हणजे ९०,०००. अधिसूचनेपासून निवाड्यापर्यंत दोन वर्षे धरली, तर १२ टक्क्यांनी ७२,०००. बेरीज ४,६२,०००. पहिल्या वर्षाचे व्याज ४१,५८०. पुढे दर वर्षाला ६९,३००. ताबा जाऊन दहा वर्षे झाली असतील, तर नुसते व्याज ६,६५,२८०. मुद्दलापेक्षा जास्त!

म्हणून ताबा पावती जपा. सरकारी कागदात ताब्याची तारीख वर्षभर पुढची पडली, तर या हिशोबात जवळपास ७० हजारांचा फटका बसतो. दरावर तावातावाने भांडणारे पक्षकार या तारखेकडे बघतही नाहीत.

९. आम्ही अर्ज केला नव्हता. शेजाऱ्याला कोर्टातून वाढवून मिळाले. आता आम्हाला?

त्याच अधिसूचनेत तुमची जमीन असेल, तर मिळू शकते. जुन्या कायद्याचे कलम २८अ, नव्याचे कलम ७३. शेजाऱ्याच्या निकालापासून तीन महिन्यांत जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज करायचा. निकालाची नक्कल मिळवण्यात गेलेले दिवस मुदतीतून वगळतात. ही तरतूद गरीब, अशिक्षित खातेदारासाठी आणलेली आहे, पण मुदत इतकी तोकडी की निकालाची बातमी गावात पोचेपर्यंत महिना निघून जातो.

पहिल्याच निकालापासून मुदत मोजायची असे नाही. ज्या निकालाच्या आधारे तुम्ही मागता, त्याच्या तारखेपासून ती मोजतात, असे १९९५ च्या प्रदीपकुमारी प्रकरणात ठरले आणि २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते पुन्हा उचलून धरले. त्यामुळे पहिला निकाल हुकला, तरी त्याच अधिसूचनेतली बाकीची प्रकरणे कोर्टात चालू आहेत का, याची चौकशी करा.

१०. शेजाऱ्याचे प्रकरण लोकअदालतीत मिटले. त्या दराने मागता येईल?

नाही. लोकअदालतीतला निवाडा ही तडजोड असते, न्यायालयाने ठरवलेला दर नव्हे. २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केले.

११. जमीन राष्ट्रीय महामार्गात गेली. प्रक्रिया हीच का?

वेगळी आहे. राष्ट्रीय महामार्ग अधिनियम, १९५६ मध्ये सक्षम प्राधिकारी मोबदला ठरवतो. तो मान्य नसेल, तर केंद्र सरकारने नेमलेल्या लवादाकडे जायचे. लवाद सहसा महसूल खात्यातलाच वरिष्ठ अधिकारी असतो. लवादाच्या निर्णयाविरुद्ध जिल्हा न्यायालयात तीन महिन्यांत अर्ज. त्यानंतर कारण दाखवून फार तर ३० दिवस. एकतिसाव्या दिवशी कितीही मोठे कारण असले, तरी उपयोग नाही.

इथे न्यायालय दर नव्याने ठरवत नाही. २०२१ च्या हकीम प्रकरणात तर निवाडा रद्द करता येईल, बदलता येणार नाही, असेच म्हटले होते. एप्रिल २०२५ मध्ये घटनापीठाने लवाद निवाड्यात मर्यादित बदल करण्याचा अधिकार मान्य केला. तरी खरेदीखते, नकाशा, साक्षी हे सगळे लवादापुढेच आले पाहिजे. तिथे साधा छापील अर्ज देऊन मोकळे झालेल्यांना पुढे सावरणे कठीण जाते.

दिलासा रक्कम आणि व्याज महामार्गाच्या जुन्या संपादनांनाही मिळते, हे २०१९ च्या तरसेमसिंग निकालाने ठरले. तो निकाल फक्त पुढच्या प्रकरणांना लागू करा, ही विनंती सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०२५ मध्ये फेटाळली. २०१५ पासून मोबदल्याची आकारणी २०१३ च्या कायद्याप्रमाणे होते.

१२. आम्ही वाटाघाटीने थेट खरेदीखत करून दिले. आता वाढीव मागता येईल?

नाही. थेट खरेदीत निवाडाच नसतो, मग संदर्भ कशाचा करणार? संमतीचा निवाडा असेल, तरी दरावर पुन्हा वाद घालता येत नाही. थेट खरेदीत पैसे लवकर आणि बरे मिळतात हे खरे. पण सहीच्या आधी प्रश्न ५ प्रमाणे स्वतः आकडेमोड करा आणि देऊ केलेली रक्कम शेजारी मांडून बघा.

१३. सातबारा थोरल्या भावाच्या नावावर, पैसे त्यालाच मिळाले. आमचे आणि बहिणींचे काय?

रक्कम वाटपावरचा वाद वेगळा आणि दरावरचा वेगळा. वाटपाचा वाद जुन्या कायद्यात कलम ३० खाली, नव्यात कलम ७६ खाली पाठवता येतो. वाटपापूर्वीच लेखी हरकत दिली, तर रक्कम अडते. वाटून झाल्यावर भावाविरुद्ध दिवाणी दावा करावा लागतो.

एका सहहिस्सेदाराने वाढीव मोबदल्यासाठी अर्ज केला असेल, तर त्याचा फायदा इतर सहहिस्सेदारांनाही मिळतो. हे १९९१ पासून ठरलेले आहे. मात्र आपसात सरस-निरस, म्हणजे प्रत्यक्ष हिस्से पाडून, वाटप होऊन गट वेगळे झाले असतील, तर हे लागू नाही.

१४. पाझर तलावासाठी ताबा आधीच घेतला, अधिसूचना पाच वर्षांनी निघाली. त्या पाच वर्षांचे व्याज?

अधिसूचनेआधीच्या ताब्यावर कायद्यातले व्याज मिळत नाही, असे २००४ च्या आर. एल. जैन प्रकरणात ठरले. पण तेवढा काळ जमीन वापरल्याबद्दल भाडे किंवा नुकसानभरपाई मागता येते. ती वेगळी मागावी लागते, आपोआप येत नाही. जुना ताबा सिद्ध करायला ताबा पावती नसेल, तर कामाचे मोजमाप पुस्तक आणि कार्यारंभ आदेश माहिती अधिकारात मागवा.

१५. वडील वारले, तारखांना कोणी गेले नाही. प्रकरण निकाली निघाले असेल का?

पक्षकार गैरहजर म्हणून संदर्भ नुसता काढून टाकता येत नाही. न्यायालयाने निवाडा द्यावाच लागतो, हे २००२ च्या खजानसिंग प्रकरणात सांगितले आहे. पण पुरावाच नसेल, तर निवाडा "वाढ नाही" असाच येणार. लगेच नक्कल काढा आणि वारसांची नावे लावून घ्या.

१६. कोर्टात गेलो आणि मोबदला उलट कमी झाला तर?

जुन्या कायद्यात कलम २५ मुळे न्यायालय भूसंपादन अधिकाऱ्याने दिलेल्या रकमेखाली जाऊ शकत नाही. मागितल्यापेक्षा जास्त मात्र देऊ शकते. फरकाच्या कोर्ट फीची तजवीज ठेवावी लागते. संदर्भ न्यायालयाने वाढवलेला दर मात्र उच्च न्यायालयात कमी होऊ शकतो.

१७. सरकारने अपील केले. तोवर पैसे अडकले का?

स्थगितीसाठी उच्च न्यायालय सहसा रक्कम जमा करायला सांगते. जमा झाली की काही भाग काढून घेण्यासाठी अर्ज करा. किती आणि कोणत्या हमीवर, हे न्यायालय ठरवते. उरलेली रक्कम मुदत ठेवीत ठेवण्याचा आदेश मागायला विसरू नका. नव्या कायद्यात अपिलाची मुदत ६० दिवस, कारण दाखवून आणखी ६०. कोल्हापूरला ऑगस्ट २०२५ पासून सर्किट बेंच सुरू झाल्यामुळे तिकडच्या शेतकऱ्यांची मुंबईची खेप वाचली आहे.

१८. निकाल लागून चार वर्षे झाली, पैसे नाहीत.

दरखास्त, म्हणजे निकालाच्या वसुलीचा अर्ज, दाखल करा. मुदत १२ वर्षे आहे, पण थांबू नका. बेलीफ जप्तीचे वॉरंट घेऊन कार्यालयात जातो आणि साहेबांची खुर्ची, संगणक, गाडी यांची यादी करतो. वर्तमानपत्रात फोटो येतात ते याचेच. त्या खुर्चीचे काही हजार येतील, तुमचे घेणे ५० लाखांचे असेल. तरीही लेखी हमी आणि धनादेशाची हालचाल बऱ्याचदा त्याच दुपारी सुरू होते. दरखास्तीसोबत आजपर्यंतच्या व्याजाचा तारीखवार तक्ता द्या. तक्ता चुकला की सरकारी वकील हरकत घेतात आणि पुन्हा सहा महिने जातात.

१९. आयकर लागतो का?

२०१३ च्या कायद्याखालच्या निवाड्यावर कलम ९६ प्रमाणे आयकर नाही. थेट खाजगी खरेदीचे कलम ४६ याला अपवाद आहे. ग्रामीण शेतजमिनीच्या मोबदल्याचाही सहसा प्रश्न येत नाही. वाद होतो तो व्याजावर. टीडीएस कापून गेला असेल, तर विवरणपत्र भरल्याशिवाय तो परत मिळत नाही. रक्कम हाती येण्याआधीच सीएला निवाडा दाखवा.

२०. प्रकल्प झालाच नाही. जमीन परत मिळेल?

पैसे भरले नाहीत किंवा ताबा घेतला नाही, एवढ्या एकाच कारणाने जुने संपादन रद्द होत नाही. दोन्ही झालेले नसले पाहिजे, असे मार्च २०२० मध्ये घटनापीठाने इंदूर विकास प्राधिकरण प्रकरणात ठरवले. नव्या कायद्याच्या कलम १०१ मध्ये पाच वर्षे न वापरलेली जमीन मूळ मालकाला किंवा शासनाच्या भूमी बँकेला परत करायची तरतूद आहे. 'किंवा' हा शब्द नीट वाचा.